कारगिल, मे १९९९: दोन दिवसांत तीन विमानं गेली, पण त्यातलं एक क्षेपणास्त्रानं गेलं नाही. मग कशानं?

डोंगरकडा

हवाई दलाचं ऑपरेशन सफेद सागर २६ मे १९९९ ला सुरू झालं. दुसऱ्याच दिवशी फ्लाइट लेफ्टनंट नचिकेता यांचं मिग-२७ आणि स्क्वाड्रन लीडर अजय आहुजा यांचं मिग-२१ गेलं. २८ मेला तोलोलिंगजवळ एमआय-१७ हेलिकॉप्टर पाडलं गेलं, त्यातले चौघेही गेले. मोहीम सुरू व्हायच्या आधी, २१ मेला, फोटो काढायला गेलेल्या कॅनबेरा विमानाच्या इंजिनावर क्षेपणास्त्र बसलं होतं, पण ते कसंबसं श्रीनगरला उतरलं.

लोकांच्या बोलण्यात याचं एकच उत्तर असतं: "स्टिंगर," म्हणजे खांद्यावरून डागायचं अमेरिकी क्षेपणास्त्र. पण मिग-२७ बद्दल सगळीकडे "इंजिन फ्लेमआउट" असंच लिहिलेलं आहे. आपणच डागलेल्या रॉकेटच्या धुरानं आपलंच इंजिन विझतं, हे तांत्रिकदृष्ट्या कसं होतं? आणि स्टिंगरची कमाल उंची तर ३,८०० मीटर देतात, म्हणजे साडेबारा हजार फूट. आपली विमानं सतरा-अठरा हजार फुटांवर होती. मग हिशेब बसतो कसा?

शेवटचा प्रश्न. २८ मेनंतर मोहीम संपेपर्यंत शत्रूच्या माऱ्यानं एकही विमान गेलं नाही. विमानं तीच, वैमानिक तेच. फक्त "उंचावरून उडायला लागले" एवढंच कारण, की आणखी काही? देशभक्तीपर उत्तरं नकोत, आकड्यांत सांगा.

---

टर्बाइन_तात्या

इंजिनाचं मी घेतो, बाकीचं जाणकार घेतील.

जेट इंजिन विझायला हवा बंद व्हावी लागत नाही, ती बिघडली तरी पुरतं. मिग-२७ ला एकच इंजिन, आर-२९ जातीचं. हवा आत घेणारी दोन तोंडं कॉकपिटच्या दोन्ही बाजूंना. रॉकेटचे पॉड, म्हणजे नळ्यांचे जुडगे, पंखांखाली आणि पोटाखाली. ८० मिलिमीटरच्या एका पॉडमध्ये २० रॉकेटं, आणि प्रत्येक रॉकेटची मोटर सेकंदभरही जळत नाही. सगळं इंधन त्या सेकंदाच्या आतच उधळायचं असतं, त्यामुळे विमानाच्या नाकापुढे तापलेल्या वायूचा ढग उठतो आणि पुढच्याच क्षणी विमान त्यात शिरतं. पोटाखालची सहा नळ्यांची ३० मिलिमीटर तोफ आणखी वेगळी. ती मिनिटाला ५,००० च्या आसपास गोळ्या टाकते. पेटीत गोळ्या अडीचशेच्या घरात, म्हणजे ट्रिगर धरूनच ठेवला तर तीन सेकंदांत पेटी रिकामी. तिचाही वायू पुढेच.

हा वायू आत गेला की दोन गोष्टी होतात. एक, त्यात ऑक्सिजन जवळजवळ नसतो. दुसरी जास्त वाईट. तोंडाच्या एका बाजूनं गरम वायू आणि दुसऱ्या बाजूनं थंड हवा अशी शिरते. हवा दाबणाऱ्या कॉम्प्रेसरची पाती ठरावीक कोनात येणाऱ्या, सगळीकडे सारख्या हवेसाठी बसवलेली असतात. ती एका बाजूला स्टॉल होतात, म्हणजे हवा पुढे ढकलेनाशी होतात, पुढचा दाब कोसळतो, ज्वलनकक्षातली हवा उलटी पुढे धडकते. याला सर्ज म्हणतात, कॉकपिटमध्ये तोफ उडाल्यासारखा दणका येतो. त्या झटक्यात ज्योत गेली की फ्लेमआउट.

आता हे मैदानावर का होत नाही, किंवा क्वचितच का होतं? कारण रॉकेट कुठेही डागा, ते वायू तेवढाच सोडतं. इंजिन मात्र उंचीवर तेवढी हवा गिळत नाही. अठरा हजार फुटांवर हवेची घनता समुद्रसपाटीच्या साधारण ५७ टक्के असते. म्हणजे इंजिनात जाणारी हवा वजनानं निम्म्याहून थोडी जास्त, आणि धूर तेवढाच. धुराचा वाटा जवळपास दुप्पट झाला. शिवाय बाहेरचा दाब कमी म्हणून तो ढग जास्त फुगतो, आणि कक्षातला दाब कमी म्हणून ज्योत मुळातच नाजूक. तिन्ही गोष्टी एकाच दिशेला ढकलतात.

हा काही मिगचा खास अवगुण नव्हे. हॉकर हंटरच्या सुरुवातीच्या अ‍ॅव्हन इंजिनांत उंचीवर तोफा चालवल्या की हेच व्हायचं. त्यावर उपाय म्हणून ट्रिगर दाबताच इंधन आपोआप क्षणभर कमी होईल अशी जोडणी केली गेली, कारण कमी इंधनावर इंजिन सर्जपासून लांब राहतं. मिग-२७ चं तर गणितच वेगळं होतं. मिग-२३ ची हलती हवातोंडं काढून त्याला साधी, पक्की तोंडं दिली ती खाली, दाट हवेत, युरोपच्या सपाटीवर जमिनीलगत उडायचं म्हणून. आपल्याकडे हे विमान नाशिकजवळ ओझरला बनायचं. ते ज्यासाठी आखलं होतं ते काम ते चोख करायचं. कारगिलमधल्या बटालिकच्या वर, सतरा हजार फुटांवर सूर मारून रॉकेट डागणं त्या कामात बसत नव्हतं.

आता विझलेलं इंजिन पुन्हा पेटवणं. त्यासाठी नाक खाली दाबून वेग राखायचा, म्हणजे येणाऱ्या हवेनं इंजिन फिरत राहतं. थ्रॉटल मागे, इग्निशन चालू, ज्योत धरली की आकडे वर येईपर्यंत थांबायचं. घाई करून थ्रॉटल पुढे ढकलला की पुन्हा सर्ज. या सगळ्याला लागते ती उंची. पंजाबच्या सपाटीवर अठरा हजार फुटांवर इंजिन विझलं तर वैमानिकाच्या खिशात जवळजवळ अठरा हजार फूट असतात. बटालिकला अल्टिमीटर तेच अठरा हजार दाखवतो, पण पोटाखाली डोंगर पंधरा-सतरा हजारांचा, आणि विमान आधीच सुरात. उरले दोन-तीन हजार फूट. इंजिन पेटलं तरी ताकद यायला सेकंद लागतात आणि समोर कडा असतो. इजेक्ट करण्याला दुसरा पर्याय तिथे नव्हता.

---

नेम_धरून

तात्यांनी "उंची कुठून मोजता" हा मुद्दा धरलाच आहे. क्षेपणास्त्राचंही कोडं त्यातच सुटतं.

३,८०० मीटर हा आकडा डागणाऱ्याच्या पायापासूनचा. समुद्रसपाटीशी त्याचा संबंध नाही. कारगिलमधल्या ठाण्यांची नावंच बघा: पॉइंट ४८७५, पॉइंट ५१४०, टायगर हिल म्हणजे पॉइंट ५०६२. ती त्यांची मीटरमधली उंचीच आहे. ५,१४० वर बसलेल्या माणसाला वर ३,८०० मिळवून द्या, ८,९४० झाले. म्हणजे एकोणतीस हजार फुटांच्या वर. अठरा हजार फुटांवरचं विमान त्याच्या दृष्टीनं अवघं तीनएकशे मीटर वर आहे, आणि डोंगराला वळसा घालून खोऱ्यातून निघालं तर चक्क खाली. खांद्यावरच्या क्षेपणास्त्रापासून वाचायला खाली, जमिनीलगत उडायचं की वर, हा प्रश्न सपाटीवर असतो. इथे खाली उडणं म्हणजे बंदुकीच्या नळीसमोरून जाणं.

एक दुरुस्ती. सरसकट "स्टिंगर" म्हणू नका. पाकिस्तानकडे स्टिंगर होती तशी स्वतःची अंझाही होती. दोन्हींचा आवाका सारखाच, चार-पाच किलोमीटर लांब आणि चारएक किलोमीटर वर. खाली आकडे स्टिंगरचे देतो कारण ते सगळ्यांना तपासता येतात.

पूर्ण शस्त्राचं वजन १५ किलोंच्या थोडं वर, त्यात क्षेपणास्त्र १० किलो, वॉरहेड ३ किलो. एक माणूस ते कड्यावर चढवतो, रडार नाही, ट्रक नाही, म्हणून हवाई फोटोत काहीच दिसत नाही. वापरायची रीत अशी: पकडीत बॅटरी-कूलंट नळी फिरवून बसवायची. तिच्यातून वीज मिळते, आणि आर्गॉन वायू सुटून डोळा, म्हणजे सीकर, गार होतो. त्यानंतर साधारण ४५ सेकंद. तेवढ्यात विमान पकडलं नाही तर नळी बाद, दुसरी बसवा. डोळ्यानं उष्णता धरली की कानाशी गुणगुण वाढते. मग क्षेपणास्त्राची लांब नळी थोडी वर आणि थोडी पुढे धरायची आणि डागायचं. छोटी मोटर क्षेपणास्त्राला नळीतून काही मीटर लांब फेकते, मुख्य मोटर तिथे पेटते, नाहीतर डागणाराच भाजला असता. वेग ध्वनीच्या दुपटीहून जास्त. तीन किलोमीटर कापायला चार-पाच सेकंद.

वैमानिकाच्या बाजूनं हे पाच सेकंद बघा. सूर मारताना त्याचे डोळे समोरच्या निशाणावर. डागून झालं की नाक खेचून थ्रॉटल पूर्ण पुढे. त्या क्षणी शेपटीचं तापलेलं नळकांडं बरोबर त्या कड्याकडे, जिथून तो नुकताच आला. पहिला हल्ला शत्रूला जागं करतो, दुसऱ्या फेरीला नळी बसवून तयार असते. म्हणून एकाच जागेवर परत येणं सर्वांत धोक्याचं. आहुजा नेमके तेच करत होते, आणि ते अजाणता नव्हे. नचिकेता कुठे उतरले ते शोधायला ते त्याच टापूत थांबले. त्यांना मरणोत्तर वीरचक्र मिळालं.

हेलिकॉप्टरचं गणित तर क्रूर आहे. एमआय-१७ वर ५७ मिलिमीटरची रॉकेटं. नीट नेम धरायचा तर हजार-तेराशे मीटरवर जावं लागतं. समोरच्याचा हात ४,८०० मीटर. मधले साडेतीन किलोमीटर, भरलेलं हेलिकॉप्टर विरळ हवेत ताशी २०० ने, म्हणजे सेकंदाला ५५ मीटर. पूर्ण एक मिनिट ते शत्रूच्या हाताच्या टप्प्यात सरळ रेषेत येत असतं. यात एकच गोष्ट आड येऊ शकते: फ्लेअर, म्हणजे क्षेपणास्त्राला चकवायला सोडायचे जळते गोळे. तेही क्षेपणास्त्र दिसल्यावर सोडायचे नसतात. शिरतानाच जोडीजोडीनं सोडत जायचं, आणि वळताना जास्त, कारण वळणात एक्झॉस्ट उघडा पडतो. २८ मेच्या त्या फळीत जे हेलिकॉप्टर गेलं त्याच्यावर फ्लेअर सोडायचं यंत्रच नव्हतं. त्यानंतर एमआय-१७ ना हल्ल्याच्या कामातून काढलं. सामान आणि जखमी नेण्याचं काम ती करत राहिली.

---

पाव_किलो_शेव

एक शंका. हल्ल्याचीच हेलिकॉप्टरं होती की आपल्याकडे, एमआय-२५ आणि एमआय-३५. चिलखत असलेली. ती का नाही पाठवली?

---

नेम_धरून

चिलखतामुळेच. ती जड. शस्त्रं घेऊन पाच हजार मीटरवर काम करणं त्यांच्या आवाक्यात नव्हतं. एमआय-१७ हलकं आणि इंजिनाला उंचीवर दम, म्हणून रॉकेटं त्याच्यावर चढली. लष्कराला सशस्त्र हेलिकॉप्टरांचा आधार हवा होता आणि त्या उंचीवर जाऊ शकणारं दुसरं काही नव्हतं.

---

डोंगरकडा

दोघांचे आभार. "पायापासून मोजतात" हे वाचून कपाळावर हात मारला. पण मग नंतरचं? एकोणतीस हजार फुटांच्या वर गेलात तर क्षेपणास्त्र पोचत नाही हे ठीक, पण तिथून बंकर दिसतो तरी का? नुसतं सुरक्षित उडून काय उपयोग?

---

स्टॉपवॉच

इथेच खरी मेहनत झाली, आणि यावर कुणी फारसं लिहीत नाही.

वर गेल्यावर पहिली अडचण बॉम्बची नव्हे, विमानाच्या वळणाची. वेगदर्शक हवेचा दाब मोजतो. अठरा हजार फुटांवर काटा ताशी ७०० दाखवत असेल तर विमान खरं ९०० च्या आसपास धावत असतं. वळणाची त्रिज्या वेगाच्या वर्गानं वाढते. ४ जी खेचून, म्हणजे वजनाच्या चौपट जोरानं वळून, ७०० ला साधारण एक किलोमीटर त्रिज्या लागते, ९०० ला एक किलोमीटर साडेसहाशे मीटर. म्हणजे पूर्ण वळसा घ्यायला सव्वातीन किलोमीटर रुंद जागा, आणि विरळ हवेत ते ४ जी टिकतही नाहीत. खोरी तेवढी रुंद नाहीत. त्यात नियंत्रण रेषा ओलांडायची नाही हा सरकारचा हुकूम. मग हल्ल्याची दिशा शत्रूकडे बघून ठरत नाही, कुठून वळता येईल ते बघून ठरते. आणि दिशा मोजक्याच असल्या की खालच्यालाही कळतं, विमान कुठून येणार.

दुसरी अडचण नेमाचे तक्ते. बॉम्ब किती पुढे पडेल याचे हिशेब सपाटीवरच्या लक्ष्यांसाठी केलेले. ५,००० मीटरवरच्या लक्ष्यासाठी ते चालत नाहीत, कारण बॉम्बला अडवणारी हवाच कमी. बॉम्ब लांब जातो.

तीस हजार फुटांवरून टायगर हिलवर साधा बॉम्ब टाकला तर तो चार किलोमीटर खाली पडतो. हवेचा अडथळा सोडून दिला तरी २८-२९ सेकंद. तेवढ्या वेळात तो सहा-सात किलोमीटर पुढे गेलेला असतो. मधल्या थरांतला वारा कुणी मोजलेला नाही. आता सपाट मैदान असतं तर पन्नास मीटरची चूक म्हणजे पन्नास मीटर, स्फोटाचा झटका तरी लागला असता. पण लक्ष्य आहे धारदार कड्यावर. बॉम्ब शेवटी साधारण ५० अंशांत उतरतो, कड्यामागचा उतार ४०-४५ अंशांचा. म्हणजे कड्याच्या पन्नास मीटर वरून निसटलेला बॉम्ब मागच्या उताराला जवळजवळ समांतरच पडत जातो आणि कित्येकशे मीटर खाली, कुणी नसलेल्या घळीत फुटतो. वरून धूर दिसतो, बंकर शाबूत. म्हणून कड्याला आडवं न जाता कड्याच्या लांबीवरून जायचं. मग मागेपुढे पडला तरी कड्यावरच पडतो. आणि हे करायला पुन्हा तीच वळणाची जागा लागते!

मिग-२१ वाल्यांनी हातातला जीपीएस आणि स्टॉपवॉच घेऊन बॉम्बफेक केली, हे बऱ्याच जणांना दंतकथा वाटतं. ती खरी गोष्ट आहे. ओळखीच्या बिंदूवरून ठरलेल्या वेगानं, ठरलेल्या दिशेनं निघायचं, घड्याळ दाबायचं, ठरल्या सेकंदाला सोडायचं. ढग असो की रात्र. यातून बंकर फुटत नाही, पण तंबू, सामान, झोप यांची वाट लागते, आणि तेच हवं होतं. यात एक खाच आहे जिथे नवशिके आजही पडतात. सर्वे ऑफ इंडियाचे जुने नकाशे एव्हरेस्ट डेटमवरचे (डेटम म्हणजे अक्षांश-रेखांश मोजायचा पाया), जीपीएस डब्ल्यूजीएस-८४ या दुसऱ्याच डेटमवर. नकाशावरून अक्षांश-रेखांश उचलून तसेच यंत्रात भरले की बिंदू सरकतो. मैदानात तेवढ्यानं बिघडत नाही, डोंगरात दुसऱ्याच उतारावर बॉम्ब.

बंकर फोडायचं काम मिराज-२००० वर आलं. १७ जूनला मुंथो ढालो इथल्या साठ्याच्या तळावर २५० किलोंचे साधे बॉम्ब टाकले. तिथे तंबू आणि गोदामं पसरलेली, त्यामुळे साधे बॉम्ब पुरले. मिराजचा संगणकच इतका चांगला की उंचावरूनही साधा बॉम्ब जवळ पडायचा. २४ जूनला टायगर हिलवर लेझरचा, म्हणजे लेझरच्या ठिपक्याकडे वळत जाणारा बॉम्ब वापरला, हजार पौंडी बॉम्बला पेव्हवे-२ चं डोकं आणि शेपूट जोडून. नेम धरायला इस्रायली लायटनिंग पॉड.

लेझर म्हटलं की लोकांना वाटतं बटण दाबलं आणि झालं. पेव्हवे-२ चे पंख अर्धवट वळत नाहीत. वळले तर पूर्ण, नाहीतर सरळ. त्यामुळे लेझरचा ठिपका लवकर दाखवला की बॉम्ब सुरुवातीपासूनच नाक हलवत बसतो, वेग गमावतो आणि लक्ष्याच्या अलीकडेच पडतो. म्हणून बॉम्ब आधी साध्या बॉम्बसारखा योग्य टापूत सोडायचा, आणि लेझर शेवटच्या आठ-दहा सेकंदांत चालू करायचं. त्या आठ-दहा सेकंदांत ढगाचा एक तुकडा मध्ये आला तर बॉम्ब वाया. कारगिलला जूनमध्ये दुपारनंतर ढग चढतात, त्यामुळे कितीतरी फेऱ्या बॉम्ब न टाकता परत आल्या. अख्ख्या युद्धात लेझर बॉम्ब दहाच्याही आत वापरले गेले. टीव्हीवर तोच एक बंकर वर्षानुवर्षं फुटत राहिला म्हणून शंभर वाटतात.

ब्रिटिशांचं १९९१ मध्ये इराकवर हेच झालं, म्हणून आपल्याच लोकांना नावं ठेवू नका. टोर्नेडोचे वैमानिक शीतयुद्धभर जमिनीलगत उडायला शिकले होते. पहिल्याच आठवड्यात विमानं पडायला लागली, मध्यम उंचीवर जावं लागलं, आणि वर गेल्यावर नेम लागेना. मग लेझर दाखवायला जुनी बक्कनीअर विमानं मागवावी लागली.

---

खातेवही

वरचं सगळं उत्तम. मी फक्त "किती पडली" या मोजणीबद्दल लिहितो, कारण अशा चर्चा नेहमी तिथेच बिघडतात.

कारगिलचंच घ्या. पाकिस्तान म्हणतो दोन लढाऊ विमानं पाडली. आपण म्हणतो एक पाडलं, एक तांत्रिक बिघाडानं गेलं. दोघांच्या वहीत विमानं दोनच, फक्त रकाना वेगळा. पाहणाऱ्याला वैमानिक छत्रीनं उतरताना दिसला आणि ढिगारा मिळाला की त्याच्यासाठी ते पाडलेलंच. नचिकेता त्यांच्या हाती लागले, ३ जूनला सुटले. त्यांना ढिगाऱ्यावरून इंजिन का विझलं हे कळायचं कारणच नव्हतं. म्हणून यादी वाचताना "दावा", "गमावलं", "माऱ्यानं गमावलं" हे तीन रकाने कधीही एकत्र करू नका.

रकाने किती वेगळे असू शकतात याचं माझं आवडतं उदाहरण फॉकलंड्स, १९८२. ब्रिटिशांनी सहा सी हॅरिअर गमावली. अर्जेंटिनाच्या विमानानं पाडलेलं? एकही नाही. ४ मेला गूज ग्रीनवर एक तोफेनं गेलं, १ जूनला एक रोलँड क्षेपणास्त्रानं. राहिलेली चार? दोन खराब हवामानात दिसेनाशी झाली, बहुधा एकमेकांवर आदळून. एक उड्डाणानंतर लगेच समुद्रात. आणि एक तर बोटीच्या डेकवरून घसरून पाण्यात! सहापैकी चार शत्रूनं गोळी न झाडता. तरी ती युद्धातलीच हानी, कारण तसल्या हवेत, तसल्या डेकवर शांततेत कुणी उडालं नसतं.

दाव्यांचा फुगवटा सगळीकडचाच. ७ सप्टेंबर १९६५ ला सरगोध्यावर एकाच वैमानिकानं मिनिटभरात पाच हंटर पाडल्याचा पाकिस्तानी दावा अजून फिरतो. भारतीय नोंदींत त्या दिवशीच्या गेलेल्या विमानांशी तो जुळत नाही. आपल्याकडचे दावेही याच गाळणीतून काढायचे. विमानाचा क्रमांक, स्क्वाड्रन, तारीख, वैमानिकाचं काय झालं, या चारांपैकी तीन जुळल्याशिवाय माझ्या वहीत नोंद होत नाही.

एक रकाना लोक विसरतात: आपणच पाडलेलं. २७ फेब्रुवारी २०१९, बडगाम. एमआय-१७ व्ही-५ आपल्याच क्षेपणास्त्रानं पाडलं. हवाई दलाचे सहा आणि जमिनीवरचा एक नागरिक गेला. ऑक्टोबरमध्ये तेव्हाचे हवाई दल प्रमुख भदौरिया यांनी ती आपली मोठी चूक होती असं जाहीरपणे मान्य केलं. पडद्यावर एक सावकाश जाणारा ठिपका, नुकतीच झालेली चकमक, आणि मित्र की शत्रू हे ओळखायला काही सेकंद. हेलिकॉप्टर आणि सावकाश उडणारं ड्रोन रडारवर सारखंच दिसू शकतं.

---

पाव_किलो_शेव

कॅनबेराचं राहिलंच की. तेही क्षेपणास्त्रच होतं ना? मग ते कसं वाचलं, आणि मिग-२१ का नाही?

---

टर्बाइन_तात्या

वरती नेम_धरून यांनी लिहिलंय, वॉरहेड ३ किलोचं. एवढ्यानं विमानाचे तुकडे होत नाहीत. उष्णतेमागे येतं म्हणून ते इंजिनावर बसतं आणि इंजिन मारतं. मिग-२१ ला इंजिन एकच, तेही धडाच्या आत, भोवती इंधनाच्या टाक्या आणि हायड्रॉलिकच्या नळ्या. इंजिन गेलं की त्याच्याबरोबर सुकाणूही जाऊ शकतं. कॅनबेराची दोन इंजिनं पंखांत, धडापासून चांगली लांब. एक फुटलं तरी दुसरं, आणि मधली माणसं, शाबूत.

पण उतरणं सोपं नव्हतं. एका बाजूचं इंजिन ढकलतंय आणि दुसरी बाजू मेली की नाक मेलेल्या बाजूला ओढलं जातं, ते पायानं रडर दाबून धरावं लागतं. वेग एका मर्यादेखाली गेला की रडर पुरत नाही. तेव्हा ताकद वाढवली तर विमान उलथतं. त्यामुळे उतरताना एका उंचीनंतर परत वर जायची मुभाच नसते, पहिल्याच खेपेला धावपट्टी गाठायची. त्यात श्रीनगरची धावपट्टी साडेपाच हजार फुटांच्या आसपास उंचीवर, म्हणजे जमिनीवरचा वेगही जास्त. कॅनबेरा वापरणाऱ्या सगळ्या हवाई दलांत एका इंजिनावर उतरायचा सराव करून घ्यायचे, आणि ब्रिटनमध्ये त्या सरावातच इतकी विमानं आणि माणसं गेली की सराव किती करायचा यावरच वाद होता. ती विमानं खातेवही यांच्या कुठल्याच युद्धाच्या रकान्यात सापडणार नाहीत.